शीला चंद्रा : वजाबाकीची कारकीर्द

पॉप संगीताचा हिशेब ठेवणाऱ्यांनी शीला चंद्रा हे नाव फार लवकर निकालात काढलं. त्यांच्या लेखी ती ‘मॉन्सून’ या ब्रिटिश न्यू वेव्ह बँडची गायिका. १९८२ साली ‘एव्हर सो लोनली’ हे तिचं गाणं ब्रिटनच्या लोकप्रिय गाण्यांच्या यादीत बाराव्या क्रमांकापर्यंत गेलं, पुढचं ‘शक्ती’ एक्केचाळिसाव्यावर अडलं, त्याच वर्षी बँड मोडला आणि विषय संपला. एका गाण्यापुरती आली नि गेली, असा शिक्का तिच्यावर बसला. हा शिक्का मला साफ चुकीचा वाटतो, आणि त्याचं कारण निव्वळ तिच्यावरच्या अन्यायाची चीड एवढंच नाही. त्यानंतर जवळजवळ तीन दशकं तिने जे केलं ते ओळीने ऐकलं, तर पूर्व आणि पश्चिमेच्या संगीताच्या मिलाफाविषयी आपण बाळगलेल्या बऱ्याच समजुती कोलमडतात. दर टप्प्यावर तिने काहीतरी काढून टाकलं. आधी बँड गेला, मग शब्द गेले, मग वाद्यं गेली, शेवटी तर चालसुद्धा गेली. आणि जसजसं ओझं कमी झालं तसतसा तिचा मिलाफ अधिक खरा होत गेला. फ्यूजन म्हणजे बेरीज, हे आपण गृहीत धरून बसलो आहोत. शीला चंद्राची कारकीर्द हा त्याविरुद्धचा सर्वांत भक्कम पुरावा आहे.

तिचा जन्म १९६५चा, लंडनच्या वॉटर्लू भागातला. घर दक्षिण भारतातून आलेलं. ती इटालिया कॉन्टी या नाट्यशाळेत शिकली आणि शाळकरी वयातच बीबीसीच्या ‘ग्रेंज हिल’ या मुलांच्या मालिकेत सुधामणी पटेलच्या भूमिकेत घरोघरी पोचली. म्हणजे ती गाण्यात आली ती रंगमंच आणि कॅमेऱ्याच्या वाटेने. घराण्याच्या, गुरुगृहाच्या वाटेने नव्हे. तिच्याबद्दलचं आपल्याकडच्या जाणकारांचं नाक मुरडणं इथूनच सुरू होतं, म्हणून ही गोष्ट आधीच सांगून ठेवलेली बरी.

काळही ध्यानात घ्यायला हवा. एप्रिल १९७९ मध्ये लंडनच्या साउथॉल भागात नॅशनल फ्रंट या वर्णद्वेषी पक्षाच्या सभेविरुद्ध निदर्शनं झाली, त्यात ब्लेअर पीच हा शिक्षक मारला गेला. जुलै १९८१ मध्ये त्याच साउथॉलमध्ये हॅम्बरो टॅव्हर्न हा पब पेटवला गेला. गोऱ्या स्किनहेड पोरांच्या कार्यक्रमाने आशियाई वस्तीचा संयम सुटला होता. त्याच वर्षी नागरिकत्वाचा नवा कायदा झाला आणि ब्रिटनमध्ये जन्मलं की आपोआप ब्रिटिश, ही जुनी सोय संपणार हे ठरलं. या धगीत, १९८२च्या वसंतात, ‘टॉप ऑफ द पॉप्स’वर सतरा वर्षांची एक मुलगी भारतीय वेशात उभी राहून, सतार आणि तबल्याच्या संगतीने, स्वच्छ लंडनी इंग्रजीत गात होती. साउथॉलच्या किंवा लेस्टरच्या एखाद्या दिवाणखान्यात ते पाहणाऱ्या मुलीला काय वाटलं असेल याचा अंदाज करणं कठीण नाही. टीव्हीवर आपला चेहरा तोवर दिसायचा तो बहुधा विनोदापुरता किंवा दंगलीच्या बातम्यांपुरता.

याच देशात एक भारतीय वंशाचा गायक तेव्हा जगाच्या शिखरावर होता. फारुख बलसारा पाचगणीच्या सेंट पीटर्स शाळेत वाढला, तिथेच त्याने ‘द हेक्टिक्स’ नावाचा पहिला बँड केला, आणि इंग्लंडात जाऊन तो फ्रेडी मर्क्युरी झाला. आपल्या पारशी-भारतीय मुळांबद्दल तो जाहीरपणे फारसं बोलला नाही. त्याला दोष देण्यात अर्थ नाही. सत्तरच्या दशकातल्या ब्रिटनमध्ये रॉकच्या मंचावर उभं राहायची ती किंमत होती. शीलाने मात्र नाव बदललं नाही, चेहरा लपवला नाही. उलट तोच पुढे केला. आणि चेहरा पुढे केला की दुसरा धोका उभा राहतो. तिच्याच पिढीची, रंगूनमध्ये जन्मलेली ॲनाबेला ल्विन ‘बाउ वाउ वाउ’ या न्यू वेव्ह बँडमध्ये गात होती. माल्कम मॅकलॅरन या व्यवस्थापकाने त्या पोरवयातल्या मुलीला कसं विकायला काढलं, याची तक्रार तिच्या आईला पोलिसांत न्यावी लागली. १९८३ मध्ये तिला तिच्याच बँडने बाहेर काढलं. परदेशी दिसणारी कोवळी मुलगी हा न्यू वेव्हच्या बाजारात खपणारा माल होता. शीलाने साडी नेसली की तीही त्याच मांडणीत बसवली जाणार, हे उघड होतं.

त्यात भर म्हणजे ‘मॉन्सून’ची कल्पना तिची नव्हती. स्टीव्ह को आणि मार्टिन स्मिथ हे दोन गोरे इंग्रज बँडचे कर्ते होते आणि ते भारतीय रंगाच्या गाण्यासाठी आवाज शोधत होते. मग हा सगळा बनाव होता का? दोन गोऱ्यांनी रचलेलं गाणं एका तपकिरी मुलीच्या तोंडी घातलं, एवढंच का? हा प्रश्न टाळून चालणार नाही. पण त्याचं उत्तर कोणी लिहिलं यात शोधण्यापेक्षा गाण्याच्या बांधणीत शोधायला हवं.

पाश्चात्त्य पॉपचा कणा म्हणजे कॉर्डची साखळी. गिटारवाल्याचा डावा हात दर दोन-चार मात्रांनी पट्टीवरची जागा बदलतो, त्याबरोबर गाण्याची जमीन सरकते, आणि ऐकणाऱ्याला पुढे जाण्याचा, घरी परतण्याचा भास होतो. बीटल्सच्या १९६५च्या ‘नॉर्वेजियन वुड’मध्ये जॉर्ज हॅरिसनने सतार वाजवली, पण जमीन इंग्रजीच राहिली. त्यातली सतार काढून गिटार ठेवा, गाणं जागच्या जागी उभं राहतं. ‘मॉन्सून’ने नेमका उलटा निर्णय घेतला. कॉर्डचं सरकणं बंद. खाली एक अखंड स्वर, वर मोजक्या स्वरांत फिरणारी चाल. ‘एव्हर सो लोनली’ तीन-चार मिनिटांचं नाचायला लावणारं पॉप गाणं आहे, पण त्याचा षड्ज हलत नाही. खालचा धरलेला सूर काढून घेतला तर ते गाणं कोसळतं. १९८२च्या ब्रिटिश पॉपमध्ये सिंथेसायझरवर कॉर्डचे इमले चढत होते, तेव्हा हे धाडसच होतं.

त्यांनी बीटल्सचंच ‘टुमॉरो नेव्हर नोज’ पुन्हा गायलं, यामागे मला नेमकी समज दिसते. १९६६च्या ‘रिव्हॉल्व्हर’मधलं ते गाणं जवळजवळ एकाच कॉर्डवर उभं आहे आणि त्यात तंबोऱ्याचा नाद आहे. बीटल्सच्या भारतप्रेमातला तो सर्वांत खोल क्षण, कारण तिथे भारत अलंकार म्हणून न येता पाया म्हणून आला. सोळा वर्षांनी लंडनमध्येच जन्मलेली एक भारतीय मुलगी ते गाते, तेव्हा उसनं घेतलेलं काहीतरी हिशेबाने परत येतं. साहेबाने आपली सतार वाजवली म्हणून साठ वर्षं आपण कौतुकाने छाती फुगवतो. मला त्या अभिमानापेक्षा हा परतावा मोलाचा वाटतो.

बँडच्या पाठीमागची फोनोग्राम कंपनी बडी होती. पुढे काय करायचं यावरून तिच्याशी खटके उडाले आणि १९८२ मध्येच ‘मॉन्सून’ संपला. ‘थर्ड आय’ हा त्यांचा एकमेव अल्बम बाजारात आला तो बँड मोडल्यावर, १९८३ मध्ये. अठराव्या वर्षी गाजलेलं नाव, मोठ्या कंपनीशी बिनसलेलं आणि हातात काही नाही. अशा वेळी गायक सहसा दुसरी बडी कंपनी गाठतो, तसंच आणखी एक गाणं करून देतो. शीला ‘इंडीपॉप’ या स्टीव्ह कोच्या छोट्या लेबलवर परतली आणि १९८४-८५ या दोन वर्षांत तिने चार अल्बम केले. ‘आउट ऑन माय ओन’ आणि ‘द स्ट्रगल’ मला आज तितकेसे भावत नाहीत. त्यांतली ड्रम मशीन त्या सालांचा शिक्का कपाळावर घेऊन येतात. पण ‘क्वाएट’ आणि ‘नाद ब्रह्म’ यांचं तसं नाही.

‘क्वाएट’मध्ये शब्दच नाहीत. दहा तुकडे आहेत आणि त्यांना नावंही नाहीत, नुसते एक ते दहा असे आकडे. आवाजाचे थर एकमेकांवर चढतात, कधी बोल येतात, कधी नुसता आकार. आपल्याला तराणा, सरगम, नोमतोम यांची सवय असल्याने यात नवल वाटणार नाही. पण विचार करा, एकोणीस वर्षांची पॉप गायिका आपल्या गाण्यातून शब्द काढून टाकते, तेव्हा ती बाजाराचं मुख्य चलनच नाकारत असते. पॉप गाणं ओठांवर राहतं ते ध्रुवपदाच्या शब्दांमुळे. मला तर यात आणखी एक सुटका दिसते. शब्द असले की ऐकणारा विचारतो, ही भारतीय मुलगी काय सांगतेय, प्रेमाबद्दल, घराबद्दल, आईबापांबद्दल? तिला प्रवक्ती करून टाकतो. शब्द गेले की प्रवक्तेपण गेलं. आवाज उरला, आणि त्या आवाजाला पासपोर्ट विचारता येत नाही.

मग चार-पाच वर्षांची मोठी विश्रांती, आणि १९९०चा ‘रूट्स अँड विंग्ज’. त्यात स्कॉटलंडच्या मॅक्रिमनच्या विलापगीताकडे ती वळलेली दिसते, आणि पुढच्या दशकाची दिशा तिथे ठरते.

दरम्यान बाजारात एक घटना घडली होती. जून १९८७ मध्ये लंडनच्या इझलिंग्टनमधल्या एका पबच्या माडीवर छोट्या रेकॉर्ड कंपन्यांचे लोक आणि काही पत्रकार जमले. आफ्रिका, आशिया, लॅटिन अमेरिका इथल्या रेकॉर्ड दुकानात कुठल्या खणात ठेवायच्या हा त्यांचा व्यावहारिक प्रश्न होता, आणि ‘वर्ल्ड म्युझिक’ हे लेबल त्यांनी मुक्रर केलं. हेतू चांगला होता. कितीतरी कलावंतांना त्यामुळे श्रोते मिळाले, हे मान्य करायलाच हवं. पण शीला चंद्राच्या बाबतीत त्याचा परिणाम विचित्र झाला. १९८२ मध्ये जी मुलगी पॉपच्या खणात होती, ती १९९२ मध्ये वर्ल्ड म्युझिकच्या खणात गेली. वॉटर्लूत जन्मलेली, इंग्रजीत विचार करणारी गायिका दूरदेशींची ठरली, आणि तीही नेमकी इंग्लंड-स्कॉटलंडची जुनी लोकगीतं गायला लागली तेव्हा! पीटर गॅब्रिएलच्या ‘रिअल वर्ल्ड’ने तिला तीन अल्बम मनासारखे करू दिले, त्याबद्दल त्या कंपनीचे आभारच मानले पाहिजेत. तरी दुकानातला तो खण तिच्या संगीताचा अर्थ रोज चुकीचा सांगत राहिला.

तो अर्थ सर्वांत स्वच्छ कळतो ‘वीव्हिंग माय ॲन्सेस्टर्स व्हॉइसेस’ (१९९२) आणि ‘द झेन किस’ (१९९४) या अल्बममध्ये. वाद्यवृंद गेला. उरले दोनच घटक, तिचा आवाज आणि खाली धरलेला सूर. आणि त्या एका आवाजात कर्नाटकी गमक, इंग्रजी खलाशांचं गाणं, आयर्लंडच्या गायकांची स्वराला हलकेच मुरड घालायची रीत, स्पेनमधला कंठ, ख्रिस्ती मठातलं स्तोत्र हे सगळं येतं. ‘झेन किस’मध्ये बाराव्या शतकातल्या हिल्डेगार्ड या जर्मन मठाध्यक्षेच्या नावाची रचना आहे, ‘अ सेलर्स लाइफ’ हे जुनं इंग्रजी गीत आहे आणि ‘काफी न्वार’ही आहे. आपला काफी! यादी वाचून कुणालाही वाटेल की ही सगळीकडची चव एका ताटात वाढण्याची हौस आहे. ऐकल्यावर तसं वाटत नाही, आणि का वाटत नाही ते तपासण्यासारखं आहे.

या साऱ्या परंपरांमध्ये एक समान गोष्ट आहे, ती शीलाच्या कानाने पकडली. कॉर्ड आणि हार्मनी ही युरोपची प्रचंड कमाई आहे, पण ती मागाहूनची कमाई. त्याआधीचा, आणि दरबार-चर्चच्या बाहेरचा युरोप एकाच चालीत गात होता. स्कॉटिश बॅगपाइपच्या लांब नळ्या सतत एकच सूर धरतात, त्यावर चाल फिरते. मठातलं स्तोत्र एका स्वराभोवती घुटमळतं. खेड्यातली इंग्रज बाई बिनसाथीचं गाणं म्हणते, तेव्हा तिचा आधारस्वर तिच्या मनात वाजत असतो. आपल्याकडे तो तंबोऱ्यात वाजतो, एवढाच फरक. म्हणजे पूर्व आणि पश्चिम जिथे खरोखर शेजारी आहेत ती जागा सतार अधिक गिटार अशी नाहीच. कॉर्डच्या पल्याड, धरलेल्या सुरावर फिरणाऱ्या एकट्या चालीत ती जागा आहे. तिथवर पोचायचं तर वरचे थर काढत जावं लागतं. शीला नेमकी तेच करत गेली. दोन संगीतांची गाठ दोन वाद्यांत घालण्याऐवजी तिने ती एका गळ्यात घातली, कधीकधी तर एकाच श्वासात. इंग्रजी ओळीच्या शेवटच्या स्वरावर ती थांबते, तो स्वर हलतो, हलण्याची मींड होते, आणि पुढच्या क्षणी आपण इंग्लंडात असतो की केरळात हे सांगता येत नाही. सांधा दिसत नाही, कारण सांधा नाहीच. लंडनमध्ये वाढलेल्या भारतीय मुलीच्या मनात ही दोन घरं अशीच एकमेकांत शिरलेली असणार. बाहेरून जोडलेल्या फ्यूजनमध्ये हे कधी साधत नाही.

या दोनांतल्या पहिल्या अल्बममध्ये तिने ‘एव्हर सो लोनली’ पुन्हा गायलं. दहा वर्षांपूर्वी ज्या गाण्याने नाव दिलं, त्याच्यातून तिने तबला काढला, सतार काढली, ठेका काढला. फक्त आवाज आणि खालचा सूर ठेवला आणि त्याला आणखी दोन चाली जोडल्या. गाणं उभं राहिलं. त्या गाण्याच्या बांधणीबद्दल मी वर जे म्हटलं त्याची ही खुद्द गायिकेने दिलेली साक्ष आहे.

याच अल्बममध्ये ‘स्पीकिंग इन टंग्ज’ या मालिकेचे पहिले दोन भाग आहेत. ते दक्षिणेच्या कोन्नकोलवर, मृदंगाचे बोल तोंडाने म्हणण्याच्या कलेवर उभे आहेत. तबल्याची पढंत ऐकलेल्या माणसाला ‘तकधिमी तकजुणु’ची ओळख लगेच पटेल. हे बोल म्हणताना जीभ दातांमागून टाळूवर, टाळूवरून पुन्हा पुढे अशी सेकंदाला कितीतरी वेळा आपटते. एक ‘क’ सैल पडला की पुढची चार अक्षरं गडगडतात. शीला ते तालाच्या कसरतीसाठी म्हणत नाही. ती बोलांना हसवते, रागावते, कुजबुजायला लावते. मालिकेच्या पुढच्या भागांत तर ते बोल मोडून त्यातून बोलण्याचे निव्वळ आवाज बाहेर येतात. ज्या मुलीने ‘क्वाएट’मध्ये शब्द टाकून दिले होते, तिला इथे शब्दांच्या आतली हालचाल सापडली.

आता आपल्याकडच्या जाणकारांचा आक्षेप. हिला तालीम कुठे आहे? राग कुठे मांडते? आक्षेपात तथ्य आहे. ‘काफी न्वार’ ऐकताना मलाही बढत हवीशी वाटते. रागाचं एकेक दालन उघडत जाण्याचं जे सुख ख्यालात आहे ते काही मिनिटांच्या या तुकड्यांत मिळत नाही, आणि ख्यालाच्या कानाने ऐकणारा उपाशीच उठेल. पण ती ख्याल गाते असं ती कधी म्हणालीच नाही. तिचा प्रश्न निराळा आहे. एका देहात अनेक वारसे आले असतील तर ते एकमेकांशी कसे बोलतात, हा तो प्रश्न. आपल्या कुठल्याही घराण्याला तो पडला नाही, कारण पडण्याचं कारण नव्हतं. परदेशात वाढणाऱ्या मराठी मुलांच्या तिसऱ्या पिढीला तो रोज पडतो आहे. न्यू जर्सीतली किंवा लंडनमधली मुलगी आठवड्यातून एकदा गाण्याच्या वर्गात राग भूप शिकते आणि उरलेला आठवडाभर पॉप ऐकते. आपण तिला या दोन्ही गोष्टी वेगवेगळ्या डब्यांत ठेवायला सांगतो, एक गणेशोत्सवासाठी आणि एक मित्रमैत्रिणींसाठी. शीला चंद्राचं नाव अशा मुलीला कुणी सांगत नाही, याची मला खंत आहे.

ब्रिटिश पॉपने भारतीय स्त्रीचा आवाज त्यानंतर पुष्कळदा मागवला. ‘कल्चर क्लब’च्या बॉय जॉर्जने १९९१ मध्ये ‘बाउ डाउन मिस्टर’मध्ये आशा भोसल्यांना गायला लावलं. ‘कॉर्नरशॉप’ने आशाबाईंच्याच नावाने ‘ब्रिमफुल ऑफ आशा’ केलं आणि १९९८ मध्ये ते ब्रिटनमध्ये पहिल्या क्रमांकावर गेलं. सांगलीच्या लेकीचं नाव असं दुमदुमलं याचा आनंद आहेच. पण पहिल्या ठिकाणी तो आवाज येतो तो दूरचा पाहुणा म्हणून, भक्तीचा, आणि दुसऱ्या ठिकाणी तर नुसतं नावच येतं, आठवणीचं. शीलाचा आवाज पाहुणा नव्हता. आणि बाजाराला घरातल्या माणसापेक्षा पाहुणा नेहमीच सोयीचा पडतो.

१९९६चा ‘अबोनक्रोनड्रोन’ हे तिच्या वजाबाकीचं टोक. इथे चालही गेली. सहा तुकडे, आणि सगळे धरलेल्या सुरांचे. पहिल्यांदा ऐकणाऱ्याला वाटतं, गाणं अजून सुरूच झालेलं नाही. ते कसं ऐकायचं हे मराठी माणसाला खरं तर कुणी शिकवायला नको. मिरजेच्या तंबोऱ्यांना २०२४ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं, तेव्हा सगळ्या वर्तमानपत्रांत बातम्या आल्या. त्या तंबोऱ्याचं मर्म घोडीवर असतं. तार आणि घोडी यांच्यामध्ये सुताचा बारीक धागा सरकवतात. तो केसभर पुढेमागे केला की तारेचा आवाज मिटतो किंवा फुलतो, त्यालाच जवारी खुलली म्हणतात. आणि ती खुलली की खर्जाच्या तारेतून, कुणी न छेडलेला गांधार ऐकू येऊ लागतो. तो स्वयंभू गांधार ऐकणाऱ्याने कानाने शोधायचा असतो; एकदा सापडला की मग सुटत नाही. शीलाने आवाजाचे आणि वाद्यांचे धरलेले सूर एकावर एक असे रचले की त्यातून न गायलेले स्वर निघावेत. श्रोता जरा थांबला की त्याला वर एक चाल फिरताना ऐकू येते, आणि ती कुणीच गात नसतं. आयुष्यभर ज्याच्या आधाराने गायली त्या सुरालाच तिने गाणं मानलं. आपल्याकडे मैफलीपूर्वी तंबोरे जुळताना सभागृहात गप्पा चालतात, त्यामुळे हा अल्बम आपल्याला जड जातो. मला तो तिचं सर्वांत धीट काम वाटतं.

यानंतरचे टप्पे भराभर सांगता येतील. २००१ मध्ये ‘गँजेस ऑर्केस्ट्रा’बरोबरचा एक प्रयोगशील अल्बम. २००२ मध्ये ‘जकाटा’ने ‘एव्हर सो लोनली’चे सूर घेऊन ‘सो लोनली’ हे नृत्यगीत केलं, आणि ते आठव्या क्रमांकावर, म्हणजे मूळ गाण्यापेक्षाही वर गेलं. त्याच वर्षी ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’च्या दुसऱ्या चित्रपटात हॉवर्ड शोरच्या संगीतावर, टॉल्किनच्या कल्पित भाषेत ती गायली. एकाच वर्षी नाचघरात आणि चित्रपटगृहात तिचा आवाज होता. ऐकणाऱ्या बहुतेकांना तो कुणाचा हे माहीत नव्हतं. २००७ मध्ये ती ‘द इमॅजिन्ड व्हिलेज’मध्ये आली. सायमन एमर्सनने इंग्लंडचं लोकसंगीत आजच्या, सर्व रंगांच्या इंग्लंडसाठी पुन्हा उभं करायला घेतलं होतं, आणि मार्टिन कार्थीसारखा लोकसंगीतातला ज्येष्ठ, बेंजामिन झेफनायासारखा कवी त्यात होते. इंग्रजी गाण्यावर तिचा हक्क इंग्लंडने चारचौघांत मान्य केला तो इथे, तिच्या पहिल्या गाण्यानंतर पंचवीस वर्षांनी.

आणि २०१०च्या सुमारास तिचा आवाज बंद झाला. बर्निंग माउथ सिंड्रोम हा तोंडातल्या जळजळीचा विकार तिला जडला. यात जीभ, ओठ, टाळू यांची आग होत राहते, तपासणीत बाहेरून काही दिसत नाही, आणि खात्रीचा इलाज नाही. तिच्या बाबतीत गाणं तर सोडाच, बोलण्यानेही वेदना होतात. ज्या जिभेने कोन्नकोल म्हटलं तिने आता बोलायचंच नाही अशी वेळ आली.

इथे लिहिणाऱ्याला मोह होतो. शब्द गेले, वाद्यं गेली, चाल गेली, आता आवाजही गेला, मौन हीच तिची अंतिम रचना, असं लिहून टाकायला काय लागतं? मी वर मांडलेल्या युक्तिवादात ते अलगद बसतंही. पण ते खोटं आहे आणि क्रूरही. आधीची प्रत्येक वजाबाकी तिची निवड होती, अभ्यासातून आणि कानातून आलेली. ही वजाबाकी दुखण्याने केली. पंचेचाळिशीची गायिका, जिच्यापुढे आणखी पंचवीस वर्षं गाणं होतं, तिचं काम तिच्या हातून गेलं. त्याला आध्यात्मिक मुलामा देऊन आपण स्वतःचं समाधान करून घेतो, तिचं काहीच भलं करत नाही. कलावंताच्या आजारपणात अर्थ शोधायची आपली खोड सुटायला हवी.

तिने स्वतः असला मुलामा दिला नाही. ती लिहायला लागली, आणि विषय निवडले अगदी व्यवहारातले. २०१०चं ‘बॅनिश क्लटर फॉरेव्हर’ हे घरातला पसारा आवरण्याबद्दलचं पुस्तक आहे, त्याचं सूत्र टूथब्रशचं. टूथब्रश कधी हरवत नाही, कारण तो जिथे वापरतो तिथेच ठेवलेला असतो. २०१७चं ‘ऑर्गनायझिंग फॉर क्रिएटिव्ह पीपल’ हे कलावंतांसाठी आहे, त्यांनी आपलं काम, आपली जागा, आपला व्यवसाय कसा नीट लावावा यासाठी. संगीतावरच्या लेखांमध्ये ही पुस्तकं बहुधा तळटीप म्हणून येतात. मला ती तिच्या कारकिर्दीचाच भाग वाटतात. सतराव्या वर्षी जिच्या गाण्याचं पुढे काय करायचं यावर एका बड्या कंपनीशी खटके उडाले, जिने त्यानंतर छोटं लेबल पत्करलं, जिने दर अल्बमला काय ठेवायचं आणि काय टाकायचं हे स्वतः ठरवलं, तिला कलावंताच्या टेबलावर काय असावं हे चांगलंच माहीत आहे. आमच्या गायन-वर्गांमध्ये राग शिकवतात, रियाज शिकवतात. करार कसा वाचावा, नको असलेल्या कामाला नाही कसं म्हणावं, हे कुणी शिकवत नाही. ‘वीव्हिंग माय ॲन्सेस्टर्स व्हॉइसेस’ ऐकवायला सुरुवात करायची तर त्याच कपाटात हे दुसरं पुस्तकही ठेवायला हवं.